जहाजवाले कंधारला आले तेव्हा

आमच्या घरात इतिहास मी शिकलो आणि त्यावर पोट माझ्या धाकट्या बहिणीचं भरलं.

मी नांदेडजवळच्या कंधारच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवतो. जेवढे तास घ्यायचे तेवढ्याचेच पैसे, आणि उन्हाळ्यात हात हलवत बसायचं. बहीण माझ्याहून बरीच लहान. तिनं नांदेडला कॉमर्स केलं, मग पुण्यात एका कॉल सेंटरमध्ये राहून इंग्रजी पक्कं केलं, आणि आता ती मुंबईत गाईड आहे. परदेशी पर्यटकांची मोठाली जहाजं हिवाळ्यात मुंबई बंदराला लागतात. त्यातली माणसं एका दिवसापुरती खाली उतरतात. कुणाला कान्हेरीची लेणी बघायची असतात, कुणाला घारापुरी. नाश्ता करून निघायचं, दीड-दोन हजार वर्षांपूर्वीचं काहीतरी बघायचं आणि जहाज सुटायच्या आत परत येऊन जेवायला बसायचं. त्यांना नेऊन आणायचं काम ती करते. हातात नंबराची पाटी, गळ्यात ओळखपत्र, तोंडाजवळ माइक.

त्या गाईडच्या प्रशिक्षणाची जाहिरात पहिल्यांदा मी पाहिली होती. मी अर्ज केला, मुलाखत दिली, निवडही झाली. त्याच सुमारास कॉलेजचं बोलावणं आलं. बाबा तेव्हा एसटीत ड्रायव्हर होते. त्यांचं म्हणणं पडलं की मास्तरकी ती मास्तरकी. लोकांना दगडं दाखवत हिंडायचं, हे काय काम हाय? मलाही ते पटलं. कॉलेजातला माणूस म्हणून गावात जो मान असतो तो मला हवा होता. मी नाही म्हणून कळवलं. पुढच्या खेपेला तेच प्रशिक्षण बहिणीनं केलं आणि बाबा त्यावर चकार शब्द बोलले नाहीत.

आता बाबा निवृत्त झालेत. रोज सकाळी ते बस स्टँडवर जातात आणि ओळखीच्या ड्रायव्हर-कंडक्टरांना फोनमधले फोटो दाखवतात. बहीण आणि तिच्यामागं उभं केवढं तरी मोठं पांढरं जहाज. बहीण आणि गोऱ्या म्हाताऱ्यांचा घोळका. कुणी जयभीम घालून पुढं जायला लागला तर त्याला हाताला धरून थांबवतात. मी एकदा तिथून स्कूटरवरून चाललो होतो, तर एक कंडक्टर मला म्हणाला, "सर, तुमची बहीण लई पुढं गेली की." मी हसलो. दिवसभर वर्गात पोरांवर डाफरत राहिलो.

बहीण आपल्या फेऱ्यांचे छोटे व्हिडिओ टाकते. मी ते सगळे बघायचो, चुका शोधण्यासाठी. कधी ती शतकाची गडबड करी, कधी पाण्याच्या टाक्याला सरळ तळं म्हणून मोकळी होई. मी लगेच दुरुस्ती लिहून पाठवायचो. तिचं उत्तर यायचं: "थँक्यू दादा", आणि पुढं जोडलेले हात. मला वाटायचं, तिनं जरा चिडावं. ती चिडायची नाही. पुढच्या व्हिडिओत चूक दुरुस्त केलेली असायची आणि ते सांगणं आधीपेक्षा सुंदर झालेलं असायचं. म्हणजे माझं ज्ञान तिच्या तोंडून गोड लागत होतं.

मग गेल्या हिवाळ्यात तिचा फोन आला. जहाजावरच्या एका म्हाताऱ्या जोडप्यानं तिला विचारलं होतं की तुझं गाव कुठलं, तिथं काय आहे. तिनं कंधारचा किल्ला सांगितला. ती माणसं पुन्हा त्याच कंपनीच्या जहाजानं येणार होती, आणि सोबत आणखी काही जण. ते मुंबईला उतरून विमानानं नांदेडला येणार, एक दिवस किल्ला बघणार आणि जहाज कोचीला पोचलं की तिथं त्याला गाठणार. तिच्या कंपनीनं होकार दिला होता.

"दादा, किल्ल्यातलं तू सांग," ती म्हणाली. "तुझ्याइतकं कुणाला माहीत हाय? मी मधी मधी इंग्रजीत जोड देईन."

मी हो म्हणून फोन ठेवला. मुंबईची लेणी तिची होती, ते मी कसंबसं गिळलं होतं. कंधार माझं होतं. लोहबंदी दरवाज्यापासून आतल्या महालांपर्यंत कुठला दगड कुठून आणून बसवलाय ते मी पोरांना वर्षानुवर्षं दाखवत आलो होतो. आता ती तिथं पाहुण्यासारखी येणार, आणि मला म्हणणार, तू सांग.

तरी मी जोमानं तयारी केली. राष्ट्रकूटांपासून सुरुवात करून काकतीय, बहामनी, निजामशाही अशी सगळी साखळी इंग्रजीत बांधली. आरशासमोर म्हणून पाहिली. बायको म्हणाली, चांगलं झालंय, पण लई लांबलंय. मी तिला सांगितलं की इतिहास लांबच असतो.

पाहुणे यायच्या आदल्या दिवशी बहीण नांदेडहून फोनवर बोलली तेव्हा म्हणाली, "दादा, एका जागी जास्त थांबू नको. ती माणसं वयस्कर हायत. उन्हात उभं ऱ्हावत न्हाई त्यांना. थोडकंच सांग, पण गोष्टीसारखं सांग." मी बरं म्हणालो. मनात म्हणालो, आता ही मला शिकवून राहिली.

सकाळी बाबा माझ्याआधी उठून तयार. इस्त्रीचा पांढरा शर्ट, खिशाला पेन, हातात नवा रुमाल, आमच्याकडची दस्ती. आईनं धपाटे करून डब्यात भरले होते. बहिणीनं बजावलं होतं की पाहुण्यांचं जेवण हॉटेलातून बांधून येणार आहे, बाहेरचं त्यांना चालत नाही, तरीही आईनं केलेच. आम्ही तिघं किल्ल्याच्या दारापाशी जाऊन उभे राहिलो. खंदकात हिरवं पाणी होतं, त्यावर बगळे. बाजूच्या शेतात हरभऱ्याची काढणी चालली होती.

छोटी बस येऊन थांबली. आधी बहीण उतरली. कॉटनचा कुर्ता, पायात बूट, डोक्यावर टोपी. तिनं उतरताच बाबांच्या आणि आईच्या पायांना हात लावला, मग माझ्याही. मागून उतरणारी माणसं ते बघत होती आणि त्यांच्या चेहऱ्यावर कौतुक होतं. माझ्या मनात आलं, ही एरवी माझ्या कधी पाया पडते? दिवाळीला पडते, भाऊबीजेला पडते. हेही मला नीट आठवत होतं, तरी तसं मनात आलंच.

तिनं बाबांची ओळख करून दिली: हे माझे वडील, यांनी आयुष्यभर या भागात बस चालवली. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बाबांनी छातीवर हात ठेवला. माझी ओळख तिनं "माझे गुरू" अशी करून दिली. ते ऐकायला बरं वाटलं आणि त्याच वेळी वाटलं की आता ही मला शोभेसाठी कोपऱ्यात बसवते आहे.

पहिला दरवाजा माझ्याकडं होता. मी साखळी सुरू केली. राष्ट्रकूट झाले, काकतीय आले, आणि समोरच्या माणसांचे डोळे हळूहळू भिंतीवरच्या सरड्याकडं वळायला लागले. एका बाईनं पाण्याची बाटली काढली. दुसऱ्या एका उंच म्हाताऱ्यानं सावली शोधली. माझं इंग्रजी मधेच अडखळलं. एक शब्द काही केल्या आठवेना. बहिणीनं तो पुरवला, आणि पुरवताना पुढचं वाक्यही तिनंच पूर्ण केलं, मग त्याच्या पुढचंही. खंदक एवढा रुंद का खणला हे सांगण्यासाठी तिनं त्या उंच म्हाताऱ्याला एका काठावर उभं केलं आणि म्हणाली, तुम्ही सैन्य घेऊन आलात, आता पलीकडं कसे येणार? तो खरंच विचार करायला लागला. सगळी माणसं आपापल्या युक्त्या सांगू लागली. प्रत्येक युक्ती किल्ल्यानं कशी मोडून काढली असती ते ती सांगत गेली. ते सगळं मीच कधीतरी तिला सांगितलेलं होतं.

मी मागं झालो. बाबा माझ्या बाजूला उभे होते. त्यांना इंग्रजी येत नाही, पण ते तिच्या ओठांकडं बघत हसत होते. कॉलेजात माझं व्याख्यान ऐकायला ते एकदा आले होते तेव्हा पेंगले होते.

आत गेल्यावर आम्ही एका मोठ्या दगडी पावलापाशी आलो. कंधारला एका प्रचंड मूर्तीचे तुकडे सापडले आहेत. अख्खी मूर्ती पाहिलेला माणूस आज कुणी नाही. पण नुसतं पाऊल बघितलं तरी अंदाज येतो की उभी असताना ती केवढी असेल.

बहिणीनं माइक बंद केला आणि साध्या आवाजात सांगायला लागली. ती म्हणाली, मी लहान होते तेव्हा सुटीच्या दिवशी वडील मला सायकलवर इथं घेऊन यायचे. मला उचलून या पावलावर बसवायचे. दगड तापलेला असायचा, म्हणून आधी आपला रुमाल अंथरायचे. मग ते सीताफळ फोडायचे आणि मी बिया या दोन बोटांच्या फटीत थुंकायचे. वडील म्हणायचे, बघ, देवाच्या पायात झाड उगवंल.

मी ऐकत होतो. सायकल, दस्ती, सीताफळ, बिया, एवढंच काय, बाबांचं ते वाक्यसुद्धा माझं होतं. तेव्हा त्या तुकड्यांना आजच्यासारखी राखण नव्हती, पोरं बिनधास्त त्यांवर खेळायची. बाबा मला न्यायचे तेव्हा पहिली काही वर्षं तर ती जन्मालाही आलेली नव्हती. माझ्याजवळ बाबांबरोबरचं असं दुसरं फारसं काही नाही. ड्युटीवर असलेला माणूस, घरी आला की झोपायचा. तेवढे ते रविवार होते.

निळी हॅट घातलेली एक म्हातारी बाई बाबांकडं वळली. तिनं पावलाकडं, बहिणीकडं आणि मग बाबांकडं बोट करून विचारलं की तुम्ही हिला इथं आणायचे ना? बाबांना अक्षरही कळलं नव्हतं. ते हसून म्हणाले, "येस, येस." बाईनं डोळे पुसले आणि बाबांचा हात हातात घेतला.

मी बहिणीजवळ गेलो आणि हळूच म्हणालो, "तायडे, हे माझं हाय."

तिनं चेहऱ्यावरचं हसू ढळू दिलं नाही. म्हणाली, "माहीत हाय, दादा. संध्याकाळी बोलू."

उंच म्हाताऱ्यानं विचारलं की भाऊ काय म्हणतोय. त्यानं तेवढ्यावर थांबायचं होतं, पण त्यानं मलाच विचारलं, तुम्ही पण बसायचे का इथं? मी म्हणालो, "मीच बसायचो. तेव्हा ही जन्मली नव्हती." इंग्रजीत म्हणालो, स्पष्ट म्हणालो, कुठं अडखळलो नाही. सगळे खदखदून हसले. त्यांना वाटलं, भावंडांची लाडीक भांडणं. बहीणही हसली, कानाला हात लावून म्हणाली, बघा, घरोघरी मोठे भाऊ असेच. त्यांना ते फारच आवडलं. माझी तक्रारही तिच्या फेरीत जाऊन बसली.

पाहुणे झाडाखाली हॉटेलचे डबे खात होते तेव्हा मी दूर जाऊन मछली दरवाज्यापाशी बसलो. आई डबा घेऊन आली. निळ्या हॅटवाल्या बाईनं धपाट्याचा तुकडा मोडून खाल्ला म्हणून ती खुशीत होती. मला म्हणाली, "तोंड कामून असं करून बसलास?" आईनं धपाटा माझ्या हातात दिला आणि निघून गेली.

दुपारी बस नांदेडकडं निघाली तेव्हा मीही त्यात बसलो. बाबांनी खिडकीपाशी उभं राहून एकेकाला हात हलवून निरोप दिला. पाहुणे हॉटेलात विश्रांतीला गेल्यावर बहीण आणि मी समोरच्या चहाच्या टपरीवर बाकड्यावर बसलो. तिनं बूट काढले. पायांना फोड आलेले होते.

मी तिला जे बोलायचं होतं ते बोललो. की तू माझं सगळं नेतेस. जाहिरात माझी, विषय माझा, गाव माझं, आणि आता बाबांनी मला दिलेला तेवढा एक दगडही. तिनं चहा थंड होऊ दिला.

मग म्हणाली, "बाबा तुला सायकलवर न्यायचे तवा मी दारात उभी ऱ्हायचे. पोरीचं तिथं काय काम, म्हणायचे. मी किल्ला पहिल्यांदा शाळेच्या सहलीत पाह्यला. गावातल्या गावात."

मला आठवलं. म्हणजे, ती दारात उभी असायची हे आठवलं नाही. पण ती सायकलवर कधीच नव्हती, हे आठवलं.

"तुम्ही दोघं घरी आल्यावर सांगायचा," ती म्हणाली. "ताटावर बसून. बिया, दस्ती, सगळं. मी इतक्या वेळा ऐकलंय की माझ्या डोळ्यापुढं दिसतंय. जहाजावरची माणसं दर खेपेला इचारतात, लहानपणी तू काय पाह्यलंस. काय सांगू त्यांना? दार सांगू?"

ऐकणाऱ्याला वाटेल की इथं माझं मन विरघळलं. तसं झालं नाही. आधी मला बरं वाटलं. इतकी वर्षं मी तिच्यावर जळत होतो, आणि ती माझ्यावर जळत होती, तेही माझ्याआधीपासून; ह्या गोष्टीची मला चक्क मजा वाटली. ती मजा चहा संपेपर्यंत टिकली. मग लक्षात आलं की तिनं हेसुद्धा किती नेमकं सांगितलं. "दार सांगू?" मला तसं कधी सुचलं नसतं. मी आठवणीचा धनी होतो आणि सांगणारी ती होती.

मी म्हणालो, "माझं म्हणून सांग. तुझं म्हणून सांगू नको."

ती "बरं" म्हणाली आणि बूट घालायला लागली. दुसऱ्या दिवशी सकाळी ती पाहुण्यांना घेऊन विमानानं गेली.

तिनं शब्द पाळला. नंतर एका व्हिडिओत तिनं ती गोष्ट पुन्हा सांगितली, खरी. कंधारमधल्या एका माणसानं आपल्या मुलाला देवाच्या पावलावर बसवलं आणि मुलगी दारात उभी राहिली, आणि मोठी झाल्यावर तीच मुलगी जगभरच्या लोकांना घेऊन तिथं गेली. खाली लोकांनी केवढं तरी लिहिलं होतं. मी त्या गोष्टीत होतो, पण सायकलवर बसून निघून गेलेला मुलगा म्हणून. बाबांनी तो व्हिडिओ पाहिला. मराठीत सांगितलेला होता, त्यामुळं सगळा समजला. त्या दिवशी स्टँडवर गेले नाहीत. संध्याकाळी त्यांनी बहिणीला फोन लावला आणि आतल्या खोलीत जाऊन बोलले. काय बोलले ते मला कळलं नाही. मी विचारलंही नाही, पण दाराजवळून दोनदा गेलो.

दिवाळीच्या सुटीत बहिणीनं मला मुंबईला बोलावलं. एका मोठ्या जहाजासाठी गाईड कमी पडत होते, मदतनीस म्हणून मला सोबत घेतलं. मी कान्हेरीला माणसं चढवली, उतरवली, मोजली, हरवलेली टोपी शोधली, एका आजोबांना गुडघा दुखतो म्हणून धरून बसलो. लेण्यांविषयी बोलायची पाळी आली ती चार-दोन वाक्यांपुरती. संध्याकाळी घसा बसलेला, पाठ धरलेली. बहीण हे दर हिवाळ्यात, जहाजामागून जहाज, करत आलेली. मला एक गोष्ट स्वच्छ कळली की हे काम माझ्याच्यानं व्हायचं नाही आणि ते मला नकोही आहे. परत येताना गाडीत मी स्वतःला सांगितलं की आता मत्सराचं काही कारण उरलं नाही. लातूर रोड स्टेशनच्या पुढं गाडी निघाली असेल-नसेल, तिनं जहाजाच्या डेकवरून काढलेला फोटो आला. कप्तानानं गाईडना वर चहाला बोलावलं होतं. मी फोन पालथा घातला.

यंदा पुन्हा एक तुकडी कंधारला आली. बहिणीला मुंबईत दुसरं जहाज होतं, म्हणून किल्ल्याचा अख्खा दिवस माझ्याकडं दिला. बाबांनी आदल्या संध्याकाळी विचारलं, "तायडी येणार न्हाई का?" मी नाही म्हणालो. त्यांनी इस्त्रीला द्यायला काढलेला पांढरा शर्ट परत कपाटात ठेवला आणि सकाळी साध्याच शर्टात आले. पण आले.

मी साखळी घरी ठेवून गेलो होतो. खंदकाच्या काठावर एका धिप्पाड माणसाला उभं केलं आणि विचारलं, सैन्य घेऊन आलात, आता कसे येणार? त्यांनी युक्त्या सांगितल्या, मी मोडून काढल्या. बरं चाललं होतं. ऊन चढायच्या आत आम्ही आतल्या महालापर्यंत पोचलो. मी थांबून काही सांगणार तेवढ्यात एक बाई पुढं आली आणि तिनं विचारलं की मुंबईत आम्हाला कान्हेरीला नेलं ती मुलगी इथलीच म्हणे. तुम्ही तिचे भाऊ का?

बाकीचेही जवळ सरकले. सकाळपासून एवढ्या उत्सुकतेनं त्यांनी माझ्याकडं पाहिलं नव्हतं. मागं उभ्या असलेल्या बाबांनी "मुंबई" आणि "कान्हेरी" हे दोन शब्द पकडले आणि खिशातला फोन काढला.

मी हो म्हणालो. धाकटी आहे माझी, म्हणालो. बाबा फोटो दाखवायला पुढं आले, तेव्हा मी बाजूला सरून त्यांना जागा करून दिली.